खुबा मोडला तेव्हाची हाक

माझा पाय मोडण्याच्या आधीच माझं मन देवावरून थोडं उठलं होतं. त्याचं कारण सांगितल्याशिवाय पुढचं सांगता यायचं नाही. आमच्या गल्लीत सिंधूबाई नावाची माझी जिवाभावाची मैत्रीण होती. पांढुर्ण्यातलं आमचं बायकांचं भजनी मंडळ तिनंच उभं केलेलं. तिनं एकादशी कधी मोडली नाही, दारात आलेल्याला कधी रिकाम्या हातानं जाऊ दिलं नाही. अशी बाई आदल्या हिवाळ्यात अंगणात घसरून पडली आणि तिचा खुबा मोडला. या वयात कुठं चिरफाड करता, हाड बसेल आपोआप, असं म्हणून घरच्यांनी लेप लावले, शेक दिला आणि तिला खाटेवर निजवून ठेवलं. पडून पडून तिच्या पाठीला जखमा झाल्या, मग छाती भरली, आणि होळीच्या सुमारास ती गेली. आम्ही तिच्या उशाशी बसून रोज मारुतीचं स्तोत्र म्हणत होतो. ती गेल्यावरही भजन चालू राहिलं, पेटीवर मीच बसत होते, पण सूर लागला तरी आत काही हलत नसे. कुणाला म्हणतो आहोत आपण हे, आणि तिकडे कुणी ऐकतं आहे का, असं सारखं वाटायचं.

तसा विचार करत बसणारी मी बाई नव्हे. मी प्राथमिक शाळेत शिकवलं, निवृत्त झाले तेव्हा साठी गाठत आली होती, आणि त्यानंतर तर माझं फिरणं दुप्पट झालं. कुणाची हळद, कुणाचं बाळंतपण, कुणाच्या पापडाचं पीठ मळायचं, कुणाच्या मुलीला बघायला पाहुणे येणार, सगळीकडे मी. माझ्या सासूबाई म्हणायच्या, हिच्या पायाला भिंगरी आहे. हे मात्र माझ्या अगदी उलट. हे म्हणजे माझे यजमान. रेल्वेच्या पार्सल ऑफिसात संत्र्याच्या पेट्यांमध्ये त्यांची सगळी नोकरी गेली. दम्याची प्रकृती, आवाज कधी चढायचा नाही, एकदा खुर्चीत बसले की खुर्चीच उठेल पण हे उठायचे नाहीत. मुलगी जबलपूरला दिलेली. घरात आम्ही दोघंच.

पोळ्याच्या दुसऱ्या दिवशी आमच्याकडे गोटमार असते. जाम नदीच्या मधोमध पळसाचं झाड रोवून त्याला झेंडा बांधतात, अलीकडून पांढुर्ण्याची आणि पलीकडून सावरगावची माणसं एकमेकांवर गोटे फेकतात, आणि झेंडा कोण घेतो यासाठी दिवसभर झुंज चालते. त्या दिवशी अख्खं गाव नदीवर असतं. गल्लीत कुत्रंसुद्धा दिसत नाही. मी सकाळची कामं आटोपून न्हाणीत पुरणाचं मोठं पातेलं घासायला नेलं. पावसाळ्यात न्हाणीच्या फरशीवर शेवाळ धरतं, ते मीच दर आठवड्याला खराट्यानं काढत असे. त्या आठवड्यात पोळ्याच्या गडबडीत राहिलं. पाय सटकला, मी उजव्या कुशीवर आदळले, आणि आत काहीतरी वाळक्या फांदीसारखं मोडल्याचा आवाज मला स्वतःला ऐकू आला.

उठायला गेले तर उजवा पाय माझा नव्हताच. तो बाहेरच्या बाजूला वळून पडला होता आणि डाव्यापेक्षा आखूड दिसत होता. सिंधूबाईचा पाय मी असाच पाहिला होता. त्यामुळे काय झालं ते मला कुणी सांगायची गरज नव्हती. हे धावत आले, मला काखेत धरून उचलायला गेले, पण त्यांना धाप लागली आणि माझ्या तोंडून किंकाळी निघाली. ते घाबरून शेजारी गेले, समोरच्या घरी गेले, सगळीकडे कुलपं. नदीकडून ढोलाचा आणि माणसांच्या आरोळ्यांचा आवाज येत होता. त्या गलक्यात आमची हाक कुणाला ऐकू जाणार?

मग मी ओरडले. माणसाला नाही, देवाला. ओल्या फरशीवर पडून, पदर चिखलात, मी मारुतीला नको ते बोलले. "सिंधूचं काय केलंस ते पाहिलं मी! आता मलाही तसंच कुजवणार का? तुला डोळे आहेत की नाही? कान फुटले का तुझे?" हे दारात उभे राहून "अगं, असं बोलू नये, असं बोलू नये," एवढंच म्हणत होते. ती प्रार्थना मुळीच नव्हती. शिवीच होती ती, आणि घसा फाटेस्तोवर दिलेली होती.

तेवढ्यात मागच्या दारातून एक माणूस आत आला. चाळिशीचा असेल. डोक्याला गमछा आवळून बांधलेला, त्यातून रक्त पाझरून कानापाशी वाळलेलं, अंगातला सदरा मातीनं माखलेला. क्षणभर मला वाटलं, नदीवरची मारामारी घरात आली.

"कोण ओरडून राहिलं हो?" त्यानं विचारलं, आणि मला पाहून तिथंच थबकला. "काय झालं मावशीले?"

"पडल्या हो. पाय मोडला. कोणी नाही इथं उचलायला," हे म्हणाले. यांच्या डोळ्यांत पाणी होतं.

तो गमछा सावरत बाहेर गेला आणि थोड्या वेळात कुठून तरी तिघांना गोळा करून आला. आमची बाहेरची सुतळीची खाट त्यांनी न्हाणीच्या दारात टेकवली. अंगाखाली चादर सरकवून मला उचलून खाटेवर घेताना जे झालं ते मी लिहीत नाही. खाट उचलून ते चालू लागले. मी दोन्ही हातांनी खाटेच्या कडा धरून ठेवल्या होत्या, प्रत्येक पावलाला आत हाडावर हाड घासल्यासारखं होत होतं, आणि मी दात आवळून "हळू, हळू, इकडून नको, तिकडून घ्या" असं त्यांनाच शिकवत होते.

तो माझ्या उशाकडच्या खुराला होता. खाली वाकून म्हणाला, "मावशी, कड धरू नोका. तुम्ही धरता तं सारं अंग ताठते, अन् पाय हालते. सोडून द्या अंग. आम्ही धरलं आहे ना."

मला राग आला. पण हात दुखत होते, म्हणून सोडले. आणि खरंच, दुखणं थांबलं नाही, पण सोसण्याजोगं झालं. वर श्रावण सरल्याचं मळकट आभाळ दिसत होतं. लहानपणी बैलगाडीत आडवं पडून पाहिलं असेल, त्यानंतर आभाळ असं पाहिल्याचं मला आठवलं नाही.

दवाखान्यात त्या दिवशी पाय ठेवायला जागा नव्हती. फुटलेली कपाळं, सुजलेले डोळे, कुणाचं बोट तर कुणाचा दात. डॉक्टरांनी तरीही मला आधी घेतलं. पायाला पट्ट्या गुंडाळून, दोरी बांधून, पलंगाच्या पायथ्याशी कप्पीवरून वजन सोडलं, म्हणजे मोडलेली टोकं एकमेकांवर चढणार नाहीत. मग यांना बाजूला घेऊन, पण मला ऐकू येईल अशा बेतानं ते म्हणाले, "खुब्यापाशी हाड मोडलं आहे. लेप लावून हे जुळायचं नाही. नागपूरला नेऊन सळी बसवून घ्या. लवकर न्या. या वयात हाड मारत नाही काका, झोपून राहणं मारतं." मी त्या माणसाला शोधत मान वळवली. त्याला दोन शब्द तरी बोलावे असं वाटत होतं. पण त्या गर्दीत तो कुठे गेला ते कळलं नाही. त्याचं नावही आम्ही विचारलं नव्हतं.

दुसऱ्या दिवशी सौंसरहून कुसुमबाई आल्या. या माझ्या धाकट्या नणंद, लवकर विधवा झालेल्या, रामाकोन्याला दिरांच्या वाट्याची संत्र्याची बाग सांभाळणाऱ्या. मन मोठं, पण बोलणं ठोक. आल्या आल्या त्यांनी फर्मान काढलं. "नागपूर-बिगपूर काही नाही. या वयात कापाकापी करतात का कोणी? आमच्या गावच्या वैद्याचा हात चांगला आहे. वैनी, मी घेऊन जातो तुम्हाले सौंसरले. सारं मी करतो तुमचं."

गंमत अशी, की सिंधूबाईचं पाहिलेलं असूनही मी त्यांच्याच बाजूनं झुकत होते. मला वाटत होतं, खुबा मोडला म्हणजे संपलंच. ऑपरेशन करा नाही तर लेप लावा, शेवट तोच. मग नागपूरच्या परक्या खोलीत कशाला मरायचं? हे पलंगाच्या पायथ्याशी ते वजन हलतं का बघत बसायचे. आणि मी पलंगावर नुसती तडफडत होते. दुखण्यानं नव्हे तितकी स्वस्थ पडून राहावं लागल्यानं. पायाला वजन लावलेलं, त्यामुळे कूससुद्धा वळता येईना. हरतालिका तोंडावर आलेली, मग गणपती, मग घरात महालक्ष्म्या उभ्या राहायच्या, सोळा भाज्या, पुरणाचा स्वयंपाक, मुखवटे काढून पुसायचे होते, आणि मी शौचासाठीही दुसऱ्याच्या हाताकडे बघत होते. दुपार झाली की अंगावर मुंग्या चढल्यासारखं व्हायचं. पंख्याच्या पात्यांवरची धूळ पाहून जीव जायचा. देवाचं नाव घेतलं तर तेही घाईघाईनं, काम उरकल्यासारखं तोंडातून निघायचं.

कुसुमबाईंनी ठरवलं, मारुतीलाच विचारायचं. सौंसरजवळ जामसावळीला पिंपळाखालचा मारुती आहे. उभा नाही, बसलेला नाही, आडवा पहुडलेला. दुखणेकऱ्यांना घेऊन लोक तिथं येतात, देवळाच्या आवारातच मुक्काम करून राहतात, आणि देवाच्या नाभीतून पाझरतं ते पाणी तीर्थ म्हणून घेतात. कुसुमबाईंचा तो देव. "मी जाऊन येतो," त्या म्हणाल्या. "तो जे मनात घालन ते करू. मंग कोणी बोलायचं नाही." मनातून त्यांचं आधीच ठरलेलं होतं, हे मला दिसत होतं. यांनाही दिसत होतं. तरी हे "बरं" म्हणाले. तेवढा एक दिवस मी कसा काढला ते मलाच माहीत. डॉक्टर येऊन दोनदा बोलून गेले, उशीर करू नका.

दुसऱ्या दिवशी दुपारी कुसुमबाई परत आल्या. तीर्थाची बाटली माझ्या उशाशी ठेवली, माझ्या कपाळाला शेंदूर लावला, आणि स्टुलावर बसल्या.

"काय म्हणाला मारुती?" मी विचारलं. माझ्या आवाजात थोडी चेष्टाही असावी.

"काहीच नाही म्हटलं," त्या म्हणाल्या. "सकाळपासून बसून होतो मी. मनात काहीच आलं नाही. उगा इकडं तिकडं पाहात बसलो. वैनी, तिथं गंज, ढीगानं लोक आहेत आजारी माणसं घेऊन. कोणी आईले आणलं, कोणी पोरीले. साऱ्यायची श्रद्धा आहे म्हणून तं आले ना? पण एकेकाच्या उशाशी मी पाहिलं, औषधाच्या बाटल्या आहेत. गोळ्या आहेत. एक जण तं आईले आधी डॉक्टरची गोळी देऊन राहिला, मंग तीर्थ. देवाच्या पायाशी आणलं तरी औषध कोणी बंद नाही केलं." त्यांनी डोळ्यांना पदर लावला. "मंग मले वाटलं, मी कोण बंद करणारी? दादा, वैनीले नागपूरले ने."

कौल म्हणावा तर हा कौल. मागायला गेलेल्या बाईला जे हवं होतं ते मिळालं नाही, आणि ती रिकामी बसली तेव्हा समोर जे होतं ते तिला दिसलं. कुसुमबाईंसारख्या बाईनं शब्द मागे घेणं हेच मुळात आमच्या घरात कुणी पाहिलेलं नव्हतं. मी हो म्हटलं. त्यांच्या तोंडाकडे पाहून नाही म्हणवेना.

यांच्या जुन्या ओळखीच्या रेल्वेच्या माणसांनी मला स्ट्रेचरसकट गाडीत चढवण्याची सोय केली. नागपूरच्या मोठ्या दवाखान्यात रक्त तपासलं, छातीचा फोटो काढला, आणि एका सकाळी मला आत नेलं. कमरेत इंजेक्शन देऊन खालचं अंग बधिर केलं. मला वाटलं होतं झोप लागेल, पण मी लख्ख जागी होते. छातीपुढे हिरवा पडदा, आणि त्यापलीकडे कुणीतरी माझ्याच हाडावर हातोडी मारत होतं. दुखत नव्हतं. फक्त आवाज येत होता, सुताराच्या दुकानातल्यासारखा, आणि प्रत्येक ठोक्याला माझं डोकं उशीवर हलत होतं. माझ्यासारख्या बाईला याहून अवघड जागा देवानं शोधून काढली नसती. उठता येत नाही, बोलून उपयोग नाही, कुणाला "असं करा, तसं करा" सांगता येत नाही. मी मारुतीचं स्तोत्र सुरू केलं. लहानपणापासून पाठ, झोपेतही चुकले नसते. पण दुसऱ्या ओळीपुढे काही आठवेना. पुन्हा सुरू केलं, पुन्हा तिथंच अडलं. छातीत धडधड वाढली. बाजूच्या डॉक्टरीणबाई म्हणाल्या, "आजी, शांत राहा."

तेव्हा माझ्या लक्षात आलं, की माझे दोन्ही हात टेबलाच्या कडा आवळून धरून आहेत. आणि त्या खाटेच्या उशाकडचा आवाज जसाच्या तसा आठवला. सोडून द्या अंग, आम्ही धरलं आहे ना. मी हात सोडले. स्तोत्राच्या पुढच्या ओळी शोधणं सोडलं. मग काय झालं ते मला नीट सांगता येत नाही, आणि वाढवून सांगायचं नाही. काही दिसलं नाही, आवाज आला नाही. एवढंच, की मी खाली पडलेली नसून कुणीतरी उचलून धरलेली आहे असं वाटलं. खाट हलते तशी संथ हलते आहे, आणि नेणाऱ्याला वाट माहीत आहे. किती वेळ तसं होतं, देव जाणे. पडदा काढला तेव्हा डॉक्टरीणबाईंनी माझे गाल पुसले.

याच्यानंतर मी शांत झाले असं कुणाला वाटेल. तसं काही झालं नाही. दुसऱ्या दिवशी त्यांनी मला टेकवून बसवलं, फुगे फुगवायला दिले म्हणजे छाती भरणार नाही, घोटे वरखाली करायला लावले. मग वॉकर घेऊन उभं केलं, पण मोडलेल्या पायावर भार द्यायचा नाही अशी सक्त ताकीद. माझी भिंगरी परत फिरू लागली. एका दुपारी हे चहा आणायला गेले असताना मी आपली आपण उतरले आणि वॉकर न घेताच खिडकीकडे निघाले, खाली गणपतीची मिरवणूक वाजत होती ती पाहायला. पाऊल टाकलं आणि तोल गेला. पलंगाच्या दांडीला लटकून राहिले म्हणून वाचले. डॉक्टर रागावले नाहीत, ते जास्त लागलं. म्हणाले, "आजी, हाड मी जोडलं. ते धरायचं काम तुमच्या शरीराचं आहे, आणि त्याला त्याचाच वेळ लागतो. तिथं तुमचंही चालत नाही आणि माझंही नाही." त्या दिवसापासून उलटं झालं. मला उभं राहायचीच भीती बसली.

पांढुर्ण्याला परत आले ती अशीच. महालक्ष्म्या कुसुमबाईंनी केल्या होत्या, आणि चांगल्या केल्या होत्या. ते ऐकून बरंही वाटलं आणि कुठंतरी टोचलंही, माझ्यावाचून काही अडलं नव्हतं. मांडी घालून बसायचं नाही, उकिडवं बसायचं नाही. सुतारानं भोक पाडलेली खुर्ची करून दिली, तीच माझी शौचाची सोय. देवघर जमिनीवर, पाटावर बसून करायची पूजा. मी दारात वॉकर धरून उभी राहायची आणि लांबून हात जोडायची. एक दिवस रडू फुटलं. "देवापुढं बसायचंसुद्धा त्यानंच काढून घेतलं माझं," मी यांना म्हणाले. संध्याकाळी पाहते तर यांनी धापा टाकत सगळा देव्हारा उचलून माझ्या जुन्या शाळेच्या टेबलावर मांडला होता, समोर खुर्ची ठेवली होती, आणि निरांजन पेटवून बसले होते. "तू खाली जाऊ शकत नाहीस ना," म्हणाले, "मग यांना वर आणलं." मी त्या खुर्चीत बसले. स्तोत्र पूर्ण म्हटलं, एक शब्द अडला नाही.

तेव्हापासून रोज सकाळी वॉकर घेऊन अंगणात उतरायचं आणि दारापर्यंत जायचं असा नेम केला. एका बाजूला हे. कुठं दुखायचं, कुठं नुसती भीती असायची. दोन्हींतला फरक ओळखायला मला दिवाळी उजाडली.

दिवाळीनंतर, आंबिया बहाराची संत्री बाजारात येऊ लागली तेव्हा, तो माणूस घरी आला. यांनी गावात आणि नदीपलीकडे सावरगावातही त्याची चौकशी केली होती, पण नाव माहीत नाही, पत्ता नाही. गोटमारीत डोकं फुटलेला माणूस, एवढ्या खुणेवर कुणाला शोधणार? तो आपण होऊन आला. संत्र्यांची थैली ओट्यावर ठेवली आणि उंबऱ्याशीच बसला. डोक्याचे केस बारीक कापलेले, कानाच्या वर मोठा व्रण. शेषराव नाव. जिनिंगमध्ये कापसाच्या गाठी वाहायचं काम.

मी वॉकर घेऊन उभी राहिले. हात जोडून म्हणाले, "शेषराव, तुम्ही त्या दिवशी देवासारखे आले हो."

"नका म्हणू मावशी," तो ओशाळला. "मी तुमच्यासाठी आलोच नव्हतो. खरं सांगतो. मले गोटा लागला, डोळ्यापुढं अंधार येऊन राहिला होता. दवाखान्यात जावं तं पोट्टे हासतीन. म्हणून मी तुमच्या मागच्या बोळीत आलो, कडुनिंबाखाली पडतो म्हटलं थोडा, झोप काढतो, मंग जाईन घरी. आडवा बी झालो होतो. अन् तुमचा आवाज आला. अशा काही शिव्या देऊन राहिल्या होत्या तुम्ही, मले वाटलं कोणी माराले घेतलं बाईले. म्हणून उठलो."

"मग?"

"मंग तुम्हाले घेऊन दवाखान्यात आलो. खाट ठेवली अन् तिथंच बसलो. डॉक्टरनं माह्या डोळ्यात बत्ती मारली, म्हणे याले सोडू नका. जीपमध्ये टाकून नागपूरले नेलं मले. आत रक्त साचलं होतं म्हणे. तिथून बोरगावले सासरी होतो इतके दिवस, म्हणून येणं झालं नाही." तो वर पाहून म्हणाला, "डॉक्टर म्हणे, झाडाखाली झोपला असता तं उठला नसता. मावशी, तुम्ही म्हणता मी तुम्हाले नेलं. मले वाटते, तुम्हीच मले नेलं."

हे दारात उभे होते. आत जाऊन त्यांनी पाण्याचा तांब्या आणला आणि शेषरावपुढे ठेवला. न्हाणीतल्या ओल्या फरशीवर पडून मी देवाला विचारलं होतं, कान फुटले का तुझे. हाक म्हणावी अशी ती नव्हतीच. तरी ती कुणाच्या तरी कानी पडली होती, आणि अशा माणसाच्या, ज्याला त्या घडीला उठवणारं दुसरं कुणी नव्हतं. सिंधूबाई का गेली याचं उत्तर मला आजही मिळालेलं नाही. ते मी मागतही नाही. ती गेली आणि आम्ही दोघं राहिलो, यात माझ्या पुण्याचा काही हिशेब बसत नाही. कृपा जर कुठं आली असेल, तर ती मी भांडत असताना आली, आणि कोण कुणाला उचलतो आहे हे दोघांनाही कळू न देता आली. तेव्हापासून देवाशी बोलताना मी नीट बोलायचं ठरवत नाही. जसं येईल तसं बोलते. तो ऐकतो.

संक्रांतीनंतर वॉकर सुटून काठी आली. शनिवार पाहून आम्ही बसनं सौंसरला गेलो, तिथून कुसुमबाईंना घेऊन जामसावळीला. मी एरवी तिथं गेले की प्रदक्षिणा घालायच्या, नारळ फोडायचा, तीर्थ भरून घ्यायचं, कुणाकुणासाठी मागायचं, सगळं धावत. या वेळी पहुडलेल्या मारुतीसमोर नुसती उभी राहिले. अजूनही माझा जीव स्वस्थ नसतो, उभ्या उभ्या मनात पाचपन्नास कामं येऊन गेली. येऊ दिली. कुसुमबाईंनी शेंदूर लावला, माझ्यासाठी खाली वाकून त्यांनीच डोकं टेकवलं आणि म्हणाल्या, "हे वैनीचं."

परतताना देवळापासून रस्त्यापर्यंत उतार होता, पावसानं खडे उघडे पडलेले. लग्न झाल्यापासून रस्त्यानं मी नेहमी यांच्या चार पावलं पुढे चालत आले. हे मागून "अगं, थांब" म्हणायचे आणि मी थांबायची नाही. त्या उतारापाशी मी थांबले. काठी डाव्या हातात घेतली, यांच्याकडे वळले आणि म्हणाले, "अहो, जरा हात द्या मला." यांनी आपला हात धोतराला पुसला आणि पुढे केला.